माद्रिदची भिशी

आमच्या भिशीला नाव आहे : माद्रिद.
चौघीजणी, महिन्याला पाच हजार, अडीच वर्षं.
चिठ्ठी काढायची नाही, मधेच कुणी उचलायची नाही,
म्हणजे ही भिशीच नव्हे, असं गिरिजा पट्टणशेट्टीचं म्हणणं.
पासबुक रोझलिनच्या कॅम्पातल्या घरी,
फ्रिजवर, बिस्किटांच्या डब्यात.

माद्रिदच का, असं गिरिजाच्या नवऱ्याने विचारलं.
कारण शमीमच्या शिलाईच्या दुकानात
एका खत कंपनीच्या कॅलेंडरावर
एप्रिलच्या पानाला एक चौक होता,
उन्हात टाकलेल्या खुर्च्या,
आणि चित्रातली एकही बाई घाईत नव्हती.
मे उजाडला तरी शमीमने पान उलटलं नाही.

पहिलं भांडण विमानाचं.
मी म्हटलं मुंबई. गिरिजा म्हणाली बंगळूर.
आणि एकदम सगळ्या गप्प.
बशीत कप ठेवतानाही जपून ठेवला.
मग रोझलिन म्हणाली,
"हा खटला कोर्टात आहे गे बायांनो,
आपण गोव्याहून जाऊया की."
शमीम इतकी हसली, चहा नाकात गेला.
ठरलं : चोर्ला घाट, पहाटे चारला, तिच्या भाच्याची गाडी.
कुंदा न्यायचा की नाही, यावर मात्र दीड तास,
आणि तो विषय अजून मिटलेला नाही.

माझ्या पासपोर्टात जन्मगाव जुन्या स्पेलिंगचं,
आधारवर नव्या.
एजंट म्हणाला, दोन्ही एकच गाव, असं पत्र जोडा.
कुणाकडून आणू?
दुसऱ्या रेल्वे गेटजवळ जन्मले,
तिथून चार गल्ल्या सोडून नांदले,
मी कुठेच गेले नाही हो,
गावानेच झोपेत कूस बदलली.

मोबाईल रोज दहा शब्द शिकवतो.
पाताता म्हणतो, तेव्हा मी बटाटेच सोलत असते.
मेसा म्हणजे मेज. खाबोन म्हणजे साबण.
पागार म्हणजे पैसे देणे.
"बरोबर आहे," शमीम म्हणाली,
"दुकानात दोन पोरी आहेत,
एक तारखेला मला पगार म्हणजे देणंच."
गिरिजा हे सगळं वहीत कन्नड लिपीत उतरवते,
तिची स्पॅनिश गोल गोल, दोऱ्यात ओवता येईल अशी.
"बेकूला काय म्हणायचं?"
किएरो.
"आणि बेडाला?"
नो. नुसतं नो.
"एवढंच?" ती म्हणाली.
पेन्सिल तोंडात धरून बराच वेळ वहीकडे बघत राहिली.

फेब्रुवारीत, खानापूरकडे काजू मोहरला असताना,
तिच्या लेकीची तारीख कळली. हुबळीची लेक.
एप्रिलचा तिसरा आठवडा.
आम्ही म्हटलं, सप्टेंबरात जाऊ.
"नको," ती म्हणाली. "कॅलेंडरावर सप्टेंबर नव्हता.
छत्र्या न्या, तिकडे एप्रिलात पाऊस असतो म्हणे."
पैशांचं काही बोलली नाही,
आम्हीही नाही.
जाताना वही तेवढी माझ्या पिशवीत घातली.

मी मराठी शाळेची.
कन्नड माझं बोलण्यापुरतं, आणि वाचायचं
ते बसची पाटी येईपर्यंत.
आता रात्री भांडी झाली की
तिची वही उघडून बसते, बोट ठेवून,
अक्षराला अक्षर लावत,
की, ए, रो.
नवरा विचारतो, काय वाचूलालीस?
काय सांगू? स्पॅनिश म्हणू की कन्नड?
मधे एका पानावर गिरिजाने फुलीखाली फुली करून
दिवस मोजलेत.
चाळीसपर्यंत आल्यावर फुल्या थांबतात,
पुढे दुधाचा हिशोब.

हॉटेलात खोली चौघींची घेतली होती,
तशीच ठेवली आहे.
रद्द केली तर पैसे परत मिळत नाहीत,
असं आम्ही एकमेकींना सांगतो.
रोझलिनने चौकशी केलेली नाही.